दुपारची हाक

पहाटे साडेपाच

ओंकारेश्वराकडून घंटेचा पहिला ठोका ऐकू आला की मी उठते. शनिवार पेठेत राहून गजर लावायची कधी वेळ आली नाही. चहाचं आधण ठेवलं आणि फोन बघितला. नऊ निरोप आले होते, त्यातल्या सहांत एकच प्रश्न होता. ‘ताई, आज अमावास्या. तो आवाज खरंच येतो का?’

गेली वीस वर्षं मी लोकांना शनिवारवाडा दाखवते. दर अमावास्येला हे असंच असतं. आज तर श्रावणातली पिठोरी अमावास्या, त्यातून पावसाळी हवा, म्हणजे विचारायलाच नको. गोष्ट सगळ्यांना तोंडपाठ आहे: अमावास्येच्या रात्री वाड्यातून ‘काका, मला वाचवा’ अशी हाक येते आणि ती नारायणराव पेशव्यांची असते. कुणी अमावास्या म्हणतं, कुणी पौर्णिमा. आपल्याकडे एखाद्या जागेचा आवाज जगभर पोचला असेल, तर तो हाच. परदेशातून आलेली माणसंसुद्धा बाजीरावाच्या आधी या हाकेबद्दल विचारतात.

सहाही जणांना मी एकच उत्तर पाठवलं. ‘रात्री वाडा बंद असतो. दुपारी एकला या. हाक दुपारची आहे.’

सकाळी पावणेसात

नदीकाठाने चालून यायची जुनी सवय आहे. ओंकारेश्वराच्या मागे महर्षी विठ्ठल रामजी शिंदे पूल लागतो. पाण्याला आज ओढ होती, वरच्या धरणांतून विसर्ग सुरू असणार. पुलावर मी रोज क्षणभर थांबते. 20 ऑगस्ट 2013 रोजी सकाळी फिरायला निघालेल्या, अंधश्रद्धा निर्मूलनाचं काम करणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांना याच पुलावर गोळ्या घातल्या. ते संपादन करत होते त्या ‘साधना’ साप्ताहिकाचं कार्यालय इथून चालत जाण्याच्या अंतरावर, आमच्याच पेठेत आहे. वाड्याच्या फेरीत मी हे सांगत नाही, कारण तो त्या फेरीचा विषय नाही. पण भुताच्या आवाजाबद्दल दिवसभर उत्तरं देणाऱ्या बाईने सकाळी या पुलावरून जावं, असं मला वाटतं. तेही उजेडातच झालं होतं. लोक फिरायला निघालेले, दूधवाले, पेपरवाले, सगळे रस्त्यावर होते.

सकाळी आठ

दिल्ली दरवाजा. मी रोज बाहेरच्या पटांगणात, बाजीरावांच्या पुतळ्याच्या बाजूला उभी राहते. पहारेकरी दादांनी दिंडी उघडली आणि लांबूनच हसून विचारलं, “काय ताई, आज रात्रपाळी का?” त्यांनाही पोरं रात्री भिंतीपाशी येऊन छळतात.

पहिलं कुटुंब नांदेडचं होतं. आजी, मुलगा, सून आणि दोन नातवंडं. दरवाजातून आत जाताना मी मुलांना टाळी वाजवायला सांगते. कमानीखाली टाळी घुमते, जड होऊन परत येते. तीच टाळी आत, हजारी कारंज्यापाशी वाजवली तर कोरडी निघते आणि विरून जाते. मुलांनी दोनदा-तीनदा करून बघितलं. घुमायला भिंत लागते, छत लागतं. विजापूरच्या गोल घुमटात कुजबुज पलीकडे पोचते, कारण वर तो अवाढव्य घुमट आहे. आपल्या वाड्यात आज उरलेत ते चौथरे, तटबंदी, दरवाजे आणि वरचा नगारखाना. वाड्याचं अंग लाकडाचं होतं. 27 फेब्रुवारी 1828 ला लागलेली आग सात दिवस धुमसत होती, असं सांगतात. नारायणराव ज्या दालनांतून पळाले ती दालनं त्या आगीत गेली. आवाजाला बसायला जागाच राहिली नाही.

आजींनी सगळं शांतपणे ऐकलं आणि म्हणाल्या, “बाई, भिंती जळाल्या तरी माणसं हायत की आवाज धरून ठेवायला.” यावर मी काही बोलले नाही. त्या बरोबर बोलल्या होत्या.

सकाळी साडेदहा

एका कनिष्ठ महाविद्यालयाची चाळीस मुलं आली. बरोबर दोन मास्तर. अशा गटात पहिली दहा मिनिटं फुकट जातात, फोटो चालू असतात. म्हणून तारखा मी भराभर सांगून टाकते. 10 जानेवारी 1730, शनिवार, पायाभरणी. 22 जानेवारी 1732, पुन्हा शनिवार, वास्तुशांत. पाच दरवाजे: दिल्ली, मस्तानी, खिडकी, गणेश आणि नारायण. 17 नोव्हेंबर 1817 ला वाड्यावर इंग्रजांचं निशाण चढलं. म्हणजे पेशव्यांच्या इथल्या वस्तीला 86 वर्षंही झाली नव्हती.

मग एका मुलीने विचारलंच, “मॅम, ते काका मला वाचवा?”

मी घड्याळ बघितलं. म्हटलं, “आधी बाकीचा वाडा बघून घेऊ. त्या जागी आपण साडेबाराला जाऊ.”

खरं तर मी स्वतः पूर्वी ही हाक मारून दाखवायची. फेरीच्या शेवटी, दक्षिणेकडच्या दरवाजापाशी, आवाज कापरा करून. लोक अंग चोरून घ्यायचे, मग टाळ्या वाजवायचे. एकदा एक बाई टाळ्या न वाजवता तशाच उभ्या राहिल्या. त्यांचा मुलगा शेजारी होता, बारावीतला. त्याच्या दंडाला त्यांनी धरलं होतं. मला म्हणाल्या, “तुम्ही हे असं का करून दाखवता?” रागाने नाही, खरोखर कळत नव्हतं म्हणून विचारलं. त्या दिवसापासून मी ते बंद केलं.

दुपारी साडेबारा

दक्षिणेकडचा हा दरवाजा. आधीचं नाव जांभूळ दरवाजा. नारायणरावांचं प्रेत या वाटेने बाहेर काढलं, तेव्हापासून नारायण दरवाजा. दिल्ली दरवाजासमोर गर्दी असते, इथे सहसा कुणी नसतं. दगडांच्या सांध्यांतून पावसाचं पाणी झिरपत होतं. उंबरठ्यापाशी शेवाळ, त्यावर कुणीतरी टाकलेला चॉकलेटचा चंदेरी कागद. मुलांना मी पायरीवर बसवलं आणि सांगायला लागले.

माधवराव पेशवे 18 नोव्हेंबर 1772 ला थेऊरला वारले. पेशवाईची वस्त्रं धाकट्या भावाला, नारायणरावांना मिळाली. काका रघुनाथराव, म्हणजे राघोबादादा, याच वाड्यात नजरकैदेत होते. गारद्यांचा, म्हणजे भाडोत्री शिपायांचा, पगार थकला होता. सुमेरसिंग, महंमद युसुफ, खरकसिंग हे त्यांचे जमादार. त्यांना आतून फितवणारा तुळाजी पवार.

30 ऑगस्ट 1773. वार सोमवार. तिथी भाद्रपद शुद्ध त्रयोदशी.

इथे मी थांबते आणि मुलांना हिशेब करायला सांगते. त्रयोदशी म्हणजे अमावास्या होऊन किती दिवस? मागून कुणीतरी म्हणालं, “तेरा.” आणि पौर्णिमेला किती? “दोन.” म्हणजे ना अमावास्या, ना पौर्णिमा. अनंत चतुर्दशीचा आदला दिवस होता तो. पुण्यात गणपतीचे दिवस होते.

आणि वेळ दुपारची. जेवणं होऊन माणसं आडवी झालेली असतात, ती वेळ. ग्रँट डफने 1826 साली छापलेल्या मराठ्यांच्या इतिहासात हा दिवस तपशिलाने येतो. नारायणरावांना कुणकुण लागली होती. हरिपंत फडक्यांना त्यांनी बंदोबस्त करायला सांगितलं. हरिपंत म्हणाले करतो, आणि एका नातलगाकडे जेवायला गेले. एवढंच झालं, एक जेवण. नारायणराव झोपले, गलक्याने जागे झाले आणि काकाच्या दालनाकडे धावले. काकाला मिठी मारून त्यांनी जीव वाचवण्याची विनवणी केली. त्या हकिगतीत राघोबादादा सुमेरसिंगाला पोराला सोड म्हणून सांगतातही. सुमेरसिंग ऐकत नाही. इतकं झाल्यावर आपण मागे हटलो तर आपलाच जीव जाईल, हे तो ओळखून असतो. मग राघोबादादा मिठी सोडवून बाजूला होतात. चाफाजी टिळेकर नावाचा सेवक धन्याच्या अंगावर पडतो आणि दोघांवर एकदमच वार होतात.

‘काका, मला वाचवा’ हे शब्द नेमके असेच उच्चारले गेले, असं मी छातीठोकपणे सांगत नाही. ते लोकांच्या तोंडून आलेत, नाटकांतून आलेत. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’ने 1909 मध्ये हा सगळा काळ रंगभूमीवर आणला. ‘ध’चा ‘मा’ झाला हेही असंच. गारद्यांना दिलेल्या हुकुमातल्या ‘धरावे’चं ‘मारावे’ कुणी केलं, त्याचा डाग राघोबादादांच्या पत्नी आनंदीबाईंवर आजतागायत आहे. पण त्यांच्या हाताने ते अक्षर बदललं असं ठरवता येईल इतका पुरावा पुढे आलेला नाही. मात्र एक पुतण्या काकाला बिलगून जीव वाचवायची विनवणी करत होता, ही गोष्ट भुताची नाही. ती भर दिवसाची आहे.

चाळीस मुलं गप्प होती. एका मुलाने विचारलं, “वय काय होतं त्याचं?”

“जन्म 10 ऑगस्ट 1755. तूच काढ.”

त्याने बोटांवर मोजलं. “अठरा वर्षं आणि वीस दिवस.” मग शेजारच्याकडे बघत हळूच म्हणाला, “माझ्या दादाएवढा.”

दुपारी एक वाजला तेव्हा आम्ही अजून तिथेच बसलो होतो. मी काही सांगितलं नव्हतं, पण कुणी उठेना. पलीकडच्या रस्त्यावरून बसचा हॉर्न वाजला, रिक्षा गेल्या, कुठेतरी कुकरची शिट्टी झाली. मला दर वेळी हीच गोष्ट खुपते. त्या दुपारी वाडा माणसांनी भरलेला होता. कारकून, खिदमतगार, कुणबिणी, ब्राह्मण, पहारे. हाक कुणाला ऐकू आली नाही असं नव्हतं. ज्यांनी ऐकली त्यातला एक चाफाजी पुढे झाला आणि मेला. आणखीही माणसं त्या कापाकापीत गेली. बाकीच्यांनी ऐकलं आणि ते जागच्या जागी राहिले. ती हाक रात्रीच्या अंधारात, निर्मनुष्य वाड्यात, भुताच्या तोंडी घातली की आपली सगळ्यांची सुटका होते. भुताला कुणी वाचवायचं नसतं.

पुढचं मी चालता चालता सांगितलं. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी केली, खुद्द राघोबादादांना देहांत प्रायश्चित्त सांगितलं आणि पुणं सोडलं. बारभाईंनी, म्हणजे राघोबादादांविरुद्ध एकत्र आलेल्या कारभाऱ्यांनी, कारभार हातात घेतला. नारायणरावांच्या पत्नी गंगाबाईंना 18 एप्रिल 1774 ला पुरंदरावर मुलगा झाला, सवाई माधवराव. राघोबादादा इंग्रजांकडे गेले, युद्ध झालं, ते 1782 च्या सालबाईच्या तहाने मिटलं.

मास्तरांनी जाताना विचारलं, “तुम्ही रामशास्त्र्यांवर आणखी बोलाल का, पुढच्या वेळी?” पुढच्या वेळी बोलणार आहे.

दुपारी तीन

घरी येऊन पुरणाचं बघितलं, तांदळाची खीर केली. पाऊण तास पडले.

संध्याकाळी साडेपाच

शेवटचा गट बंगळुरूचा होता. त्यांना घाई होती, मलाही होती. वाडा बंद होताना नदीकडून ढोल सुरू झाले. गणपतीला चार दिवस राहिलेत. पथकांच्या सरावाचे दिवस. मुठेकाठी ढोलाची एक लय बसते आणि तटबंदीवर आपटून दुसरी लय मागून येते. ताशाचा आवाज टोकदार असतो, तो कोपऱ्याकोपऱ्यात फुटतो. ढोलाचा जाड आवाज भिंतीला वळसा घालून येतो, म्हणून घरात बसलं तर फक्त ढोल ऐकू येतो, ताशा नाही. माझ्या सासूबाई म्हणायच्या, पेठेत गणपती कानांनी आधी येतो.

संध्याकाळी सात

पिठोरीची पूजा. पिठाचे दिवे लावले. पिठोरीचं व्रत लेकरांच्या आयुष्यासाठी. आईने वाण डोक्यावरून मागे धरायचं आणि विचारायचं, “अतीत कोण?” मागे उभ्या लेकराने म्हणायचं, “मी.” मागे न बघता, नुसत्या आवाजावरून आईने लेकरू ओळखायचं. माझी मुलगी नोकरीला लागली, तरी आजच्या दिवशी ती माझ्या पाठीशी उभी राहते. “अतीत कोण?” “मी.” तीनदा.

मला नारायणरावांच्या आई गोपिकाबाई आठवतात. थोरला विश्वासराव 14 जानेवारी 1761 ला पानिपतावर गेला. मधला माधवराव क्षयाने गेला. धाकटा नारायण असा गेला. त्या वेळी त्या नाशिकजवळ गंगापूरला होत्या. 1773 ची पिठोरी होऊन जेमतेम तेरा दिवस झाले होते.

रात्री साडेनऊ

सकाळच्या सहांपैकी चौघे आलेच. शिवाय त्यांचे मित्र, एकूण अकरा जण. अभियांत्रिकीची पोरं. त्यांना परत पाठवणं मला जमलं नसतं आणि पाठवायचंही नव्हतं. वाड्याच्या भिंतीला लागून, रस्त्याच्या कडेने आम्ही उभे राहिलो. म्हटलं, “काही बोलू नका. दहा मिनिटं जे ऐकू येईल ते फोनवर टिपा.”

दहा मिनिटांनी याद्या वाचल्या. कुत्री. दुचाकी. आगगाडीची लांबची शिट्टी. रात्री जमिनीलगतची हवा गार होते, तेव्हा दूरचा आवाज वर न जाता खाली वाकतो, म्हणून दिवसा न ऐकू येणारी गाडी रात्री ऐकू येते. वडाच्या झाडातून चिरकलेला एक आवाज, तो मी ओळखला, गव्हाणी घुबड. नदीवरून रातबगळ्याचं ‘क्वाक’. अकरा याद्यांत ‘काका’ कुठेच नव्हतं.

मग म्हटलं, “आता आणखी दहा मिनिटं. या वेळी नीट लक्ष द्या, कुणी काका म्हणतंय का.”

रातबगळा पुन्हा ओरडला. दोन मुलांनी एकदमच एकमेकांकडे बघितलं. एक म्हणाला, “आलं. खरंच आलं.” तो खोटं बोलत नव्हता. त्याच्या अंगावर काटा होता, मी टॉर्चमध्ये बघितला. आवाज तोच होता, आधी यादीत पक्षी म्हणून लिहिलेला.

मी त्यांना पावशाचं सांगितलं. पावसाच्या तोंडावर तो ओरडतो तेव्हा आपल्या शेतकऱ्याला ‘पेरते व्हा’ ऐकू येतं. हिंदी माणसाला तोच पक्षी ‘पी कहाँ’ म्हणतो. इंग्रजाला त्यात तापाने भणभणलेलं डोकं ऐकू आलं. पक्षी एकच, गळा एकच. शब्द ज्याचे त्याच्या घरचे. आपल्या पुण्याच्या घरात ‘काका’ हा शब्द तयार ठेवलेला आहे, अडीचशे वर्षांपासून. म्हणून रातबगळ्याच्या आवाजातही तो सापडतो. यात लाज वाटण्यासारखं काही नाही. मला तर यात पुणेकरांचं एक देणं दिसतं, जे फिटलेलं नाही आणि विसरलंही गेलेलं नाही.

तो काटा आलेला मुलगा जाताना म्हणाला, “ताई, मग हाक खरी नाही म्हणायची?”

“हाक खरी. रात्र खोटी.”

रात्री अकरा

उद्याच्या गटांच्या वेळा लिहून ठेवल्या. त्रयोदशीच्या दिवसासाठी फक्त एकच वेळ ठेवली आहे, दुपारी साडेबाराची, नारायण दरवाजा. त्या दिवशी मी पैसे घेत नाही.

तुम्ही पुण्यात असाल किंवा येणार असाल, तर अमावास्येच्या रात्री भिंतीबाहेर ताटकळू नका. पहारेकऱ्यांना त्रास होतो आणि तिथे कुत्री, गाड्या, घुबड आणि रातबगळा यांच्याशिवाय काही ऐकू येत नाही. दिवसा या. वाड्यातल्या चौथऱ्यांवरून दक्षिणेकडे चालत जा, उंबरठ्यापाशी पडलेले कागद उचला, आणि बरोबर अठरा वर्षांचं कुणी असेल तर त्याला शेजारी बसवून त्या दुपारची गोष्ट सांगा. चाफाजी टिळेकराचं नाव सांगायला विसरू नका.

वाडा सकाळी आठला उघडतो.